पीटर वॉटकिन्सच्या पद्धतीने १८५८च्या ग्वाल्हेरवर फिल्म: कारकीर्द कुठल्या क्रमाने पाहावी आणि २८ माणसांत सैन्य कसं उभं करावं?

लष्करवाला

ग्वाल्हेरच्या एका हौशी मराठी नाट्यमंडळासाठी जून १८५८च्या लढाईवर वीसेक मिनिटांची फिल्म करायची आहे. किल्ल्यावरून फिरणारा ड्रोन, मागे तुतारी आणि भारदस्त आवाजातलं निवेदन, हे नको आहे. डोळ्यांसमोर आहे तो ब्रिटिश दिग्दर्शक पीटर वॉटकिन्सचा 'कलोडन'. स्कॉटलंडमधल्या १७४६ सालच्या रणांगणावर टीव्हीवाले पोचलेत आणि शिपायांच्या मुलाखती घेताहेत, ही कल्पना इथे कशी बसवता येईल?

हाताशी असलेलं सामान: २८ माणसं (निम्मी कधी रंगमंचावरही न आलेली), एपीएस-सी सेन्सरचा एक कॅमेरा, २४, ५० आणि ८५ मिमीच्या लेन्सा, दोन कॉलर माइक. घोडे फार तर दोन.

विचारायचं ते असं. वॉटकिन्सचं काम कुठल्या क्रमाने पाहावं, आणि 'द वॉर गेम' बीबीसीने नेमका का अडवला? २८ माणसांचं सैन्य दिसेल कसं? आणि राणी लक्ष्मीबाईंची मुलाखत घ्यावी का?

जुनी_रीळ

कारकिर्दीपुरतं मी लिहितो, कॅमेऱ्याचं जाणकार सांगतील.

वॉटकिन्सचा जन्म १९३५चा, सरे परगण्यातला. ऑक्टोबर २०२५ मध्ये तो गेला. सुरुवात हौशी मंडळीतलीच. कँटरबरीच्या हौशी नटांना घेऊन त्याने 'द डायरी ऑफ ॲन अननोन सोल्जर' (१९५९) आणि 'द फरगॉटन फेसेस' (१९६१) केल्या. दुसरीत १९५६चा हंगेरीतला उठाव आहे, आणि बुडापेस्ट म्हणून जे दिसतं ते कँटरबरीच्या गल्ल्यांतच चित्रित केलेलं आहे. तुम्ही सुरुवात हिच्यापासून करा. तीत पैसा नाही, सेट नाही, पाठीशी बीबीसी नाही. म्हणजे तुमच्या परिस्थितीला सगळ्यात जवळची हीच. ओळखीची गल्ली परकी दिसावी म्हणून तो काय चौकटीबाहेर ठेवतो, तेवढंच पाहत बसा.

या कामाच्या जोरावर तो बीबीसीत गेला आणि 'कलोडन' १५ डिसेंबर १९६४ला प्रसारित झाली. ही दोनदा पाहा, त्यातली एक खेप आवाज बंद करून. आवाज गेला की लक्षात येतं, अर्ध्याहून अधिक फिल्म नुसत्या चेहऱ्यांची आहे. निवेदन वॉटकिन्सचंच आहे आणि त्याच्या आवाजात कुठेही गहिवर नाही. माणसाचं नाव, तो कुणाच्या जमिनीवर राबतो, त्याच्या हातात काय आहे, एवढं सांगून पुढे. तोफांच्या जागी तर कमाल केली आहे. हा कुठला गोळा ते तो सांगतो, आणि हा गोळा माणसाचं काय करतो ते पुढच्याच शॉटमध्ये दाखवतो. विशेषण एकही नाही. हायलंडर, म्हणजे स्कॉटलंडच्या डोंगराळ भागातले शिपाई, म्हणून इन्व्हर्नेस भागातलेच लोक घेतले होते. ते त्यांच्या गेलिक भाषेत बोलतात आणि निवेदक भाषांतर करतो.

त्यानंतर 'द वॉर गेम' (१९६५): इंग्लंडवर अणुबॉम्ब पडला तर केंट परगण्यात काय होईल, याचं पाऊण तासाचं चित्रण. आकडे आणि तपशील ड्रेस्डेन, हॅम्बुर्ग, हिरोशिमा, नागासाकी इथल्या अनुभवांवरून घेतलेले. मध्येच रस्त्यावरच्या खऱ्याखुऱ्या लोकांना कार्बन-१४ म्हणजे काय असं विचारलंय आणि बहुतेकांना ते माहीत नाही. सप्टेंबर १९६५ मध्ये बीबीसीने ही फिल्म सरकारी अधिकाऱ्यांना खासगीत दाखवली आणि नोव्हेंबरमध्ये प्रसारण रद्द केलं. सांगितलेलं कारण असं की प्रसारणाच्या माध्यमासाठी ती फार भयंकर आहे. निर्णय आपला आपण घेतला, असं बीबीसी म्हणत राहिली; त्या खासगी खेळामुळे त्यावर विश्वास ठेवायला लोक तयार नव्हते. १९६६ मध्ये ती थिएटरात लागली आणि १९६७च्या समारंभात तिला सर्वोत्तम माहितीपटाचं ऑस्कर मिळालं. म्हणजे घडलेलीच नाही अशी घटना दाखवणारी फिल्म, आणि बक्षीस माहितीपटाचं! ब्रिटिश टीव्हीवर ती आली थेट ३१ जुलै १९८५ला. तोवर त्याच विषयावरची मिक जॅक्सनची 'थ्रेड्स' सप्टेंबर १९८४ मध्ये दाखवूनही झाली होती.

पुढे वॉटकिन्स ब्रिटनबाहेरच राहिला. 'पनिशमेंट पार्क' (१९७१) अमेरिकेच्या वाळवंटात, 'एडवर्ड मुंक' (१९७४) नॉर्वे आणि स्वीडनच्या टीव्हीसाठी, 'द जर्नी' (१९८७) साडेचौदा तासांची. 'द फ्रीथिंकर' (१९९४) त्याने स्वीडनमधल्या विद्यार्थ्यांना हाताशी धरून केली. आणि 'ला कम्यून' (२०००), १८७१च्या पॅरिसमधल्या लोकांच्या उठावावरची, पावणेसहा तासांची. पॅरिसजवळच्या माँत्रईतल्या एका बंद कारखान्यात, १३ दिवसांत, दोनशेहून जास्त माणसं घेऊन. त्यांतल्या सुमारे ६० टक्के लोकांनी आधी कधी अभिनय केलेला नव्हता.

तर क्रम: 'फरगॉटन फेसेस', 'कलोडन', 'वॉर गेम', मग 'ला कम्यून'चे पहिले दोन तास. 'मुंक' त्याची सगळ्यात सुंदर फिल्म असं माझं मत आहे, पण तुमच्या कामाला ती नंतर आली तरी चालेल. त्याची 'प्रिव्हिलेज' (१९६७) सध्या सोडा.

मुरारकडचा

एक शंका. १८५८ मध्ये टीव्हीचा कॅमेरा? ग्वाल्हेरचा प्रेक्षक पहिल्याच मिनिटाला हसेल.

जुनी_रीळ

हसू द्या की, दोन मिनिटांत थांबतो. 'ला कम्यून'मध्ये तर १८७१च्या पॅरिसात व्हर्सायवाल्यांचा एक टीव्ही आहे आणि कम्यूनवाल्यांचा वेगळा. दोघांचे बातमीदार एकाच घटनेच्या वेगवेगळ्या बातम्या देतात आणि प्रेक्षक ते मुकाट्याने मान्य करतो. अट एकच: खोटं तेवढं एकच ठेवायचं, कॅमेऱ्याचं. बाकी सगळं काटेकोर हवं. तेव्हा जवळच्या शॉटआधी माणूस नखशिखान्त तपासा. दंडावरचा बीसीजीच्या लसीचा वण, मनगटावरचा घड्याळाचा गोरा पट्टा, कानामागे चष्म्याच्या दांडीची खूण, पॉलिस्टरच्या पगडीची चमक. पगडीवर मुलतानी मातीचं पातळ पाणी शिंपडून वाळवलं की चमक मरते.

चौकट

सैन्याचा हिशोब सरळ आहे. एपीएस-सी सेन्सर साधारण २३.५ मिमी रुंद. अंतर गुणिले सेन्सरची रुंदी, भागिले लेन्स, की चौकटीत मावणारी रुंदी निघते.

१५ मीटरवरून २४ची लेन्स लावली तर जवळजवळ १४.७ मीटर रुंदी दिसते. दोन माणसांत ६० सेंमी धरले तर एका ओळीलाच २४ माणसं लागतील आणि मागे मोकळं रान दिसेल. तिथेच ८५ लावली की रुंदी ४.१५ मीटर. एका ओळीत सातच जण पुरतात. अशा चार ओळी, प्रत्येक ओळ पुढच्यापेक्षा अर्धा खांदा सरकवलेली, दोन ओळींत मीटरभर जागा, सगळ्यात मागची ओळ १५ मीटरवर: बरोबर तुमची २८ माणसं, आणि चौकट काठोकाठ भरलेली. दुरून, लांब लेन्सने पाहिलं की ओळी एकमेकींना चिकटल्यासारख्या दिसतात, तो फायदा वेगळाच.

मात्र कॅमेरा छातीच्या उंचीवर हवा, फार तर १.३ मीटर. भव्य दिसेल या मोहाने तो वर नेला की मागच्या ओळींमधली जमीन दिसते आणि २८ माणसं मोजून २८च दिसतात. चौथ्या ओळीतल्या दोघांच्या दोन्ही हातांत भाल्यांच्या उंच काठ्या द्या, पुढच्यांच्या डोक्यांवरून त्या हलत राहिल्या की मागे अजून पलटण आहे असं वाटतं.

दोन्ही बाजूंना माणसं तीच वापरणार असाल तर दोन्ही सैन्यं एका चौकटीत आणू नका, आणि दिशा बांधून घ्या. इंग्रजांचा मोहरा कायम डावीकडून उजवीकडे, आपला उजवीकडून डावीकडे. कृष्णधवल करणार असलात तर हे दुप्पट महत्त्वाचं. लाल डगला, तपकिरी घोडा आणि उन्हात रापलेली कातडी, तिन्ही एकाच करड्या रंगात विरघळतात. कॅमेऱ्यातच कृष्णधवल चौकट लावून कपडे आधी तपासा. छातीवरचे पांढरे आडवे पट्टे एकाच बाजूला द्या, ओळख पटते.

आता थरथर. वॉटकिन्सची नक्कल करायची म्हणून कॅमेरा मुद्दाम हलवतात, ती पहिली चूक. 'कलोडन'मधला कॅमेरा हलतो कारण माणूस खांद्यावर घेऊन धावतोय आणि काहीतरी पाहायची धडपड करतोय. बातमीचा कॅमेरा घटनेला नेहमी अर्धा सेकंद उशिरा पोचतो, गंमत तिथे आहे. कोण पडणार ते कॅमेरावाल्याला सांगूच नका. फक्त कुठे जायचं नाही तेवढं सांगा, म्हणजे घोड्याच्या वाटेत येणार नाही. धावायचं ते २४वर, कोपर बरगडीला टेकवून. ८५ हातात घेऊन धावलात तर पडद्यावर भूकंप दिसेल. ती तिवईवर किंवा दगडावर टेकवा.

२५ फ्रेम आणि शटर १/५०. लढाई म्हणून शटर १/२००वर नेऊ नका. ती तुटक तुटक हालचाल बऱ्याच पुढच्या युद्धपटांतून आलेली आहे, साठच्या दशकाच्या बातमीपटासारखी मुळीच दिसत नाही. भर उन्हात आयएसओ १०० आणि एफ ८ ठेवून १/५० हवं तर एनडी ८ची (उजेड कमी करणारी) काच लागते, एफ ५.६ला १६ची. ती नसली तर भोक एफ २२पर्यंत मिटवावं लागतं आणि चित्र मऊ पडतं.

जूनमध्ये चित्रीकरण नको. ४५ अंशांत अंगरखा, पगडी आणि धावपळ म्हणजे कुणीतरी आडवं होणारच, आणि कॅमेराही तापून बंद पडतो. दिवाळीनंतरही नको, कारण पावसाळ्याचं गवत असतं आणि जून म्हणून ते कुणी मानणार नाही. मार्चअखेर ते एप्रिलचा पहिला पंधरवडा धरा. जमीन करपलेली, ऊन कडक, माणसं उभी राहू शकतात. सकाळी साडेआठपर्यंत मुलाखती उरका. लढाई अकरानंतर, डोक्यावरच्या उन्हात. पगडीखाली डोळे काळे पडतात, ते चालू द्या.

ड्रोन नको म्हणालात ते बरंच केलंत. महाराजपूरचा हवाई तळ जवळ आहे. किल्ला पुरातत्त्व खात्याकडे, तिथे तिवई लावायची तर त्यांची लेखी परवानगी आधी हवी.

मोडी_दप्तर

इतिहासाची बाजू. इथेच अशा फिल्मा गडगडतात.

तारखा पक्क्या करा. १ जूनला मुरारजवळ शिंद्यांचं बहुतेक सैन्य लढाई न देता तात्या टोपे, रावसाहेब आणि राणीकडे गेलं; महाराज जयाजीराव शिंदे आग्र्याकडे, इंग्रजांच्या आश्रयाला निघून गेले. त्यानंतर फुलबागेत दरबार भरला, नानासाहेबांना पेशवा जाहीर केलं, शिंद्यांच्या खजिन्यातून शिपायांना पैसे वाटले. १६ला इंग्रज सेनापती ह्यू रोजने मुरारची छावणी घेतली. १७ला ब्रिगेडियर स्मिथची तुकडी कोटा की सराय इथे भिडली. १९ला लष्कर शहर गेलं, २०ला किल्ला.

राणीचा मृत्यू इंग्रजी कागदांत १७ तारखेला आहे. आपल्याकडे बलिदान दिन १८ जूनला पाळतात. मृत्यूच्या हकिकतीही एकमेकींशी जुळत नाहीत. हा घोळ निस्तरत बसू नका, उलट तोच पडद्यावर आणा. निवेदकाने दोन्ही तारखा सपाट आवाजात सांगाव्यात आणि पुढे जावं.

म्हणून राणीची मुलाखत घेऊ नका. तिच्या तोंडी घातलेलं प्रत्येक वाक्य आजचं भाषण होईल, आणि टाळ्या आल्या की मुलाखतीचा सगळा साचा कोसळेल. 'कलोडन'मध्ये बोलायला सगळ्यात जास्त जागा कुणाला आहे ते पाहा. साधे शिपाई, आणि भिंतीआडून लढाई पाहणारा, सरकारी सैन्याचा सेनापती ड्यूक ऑफ कंबरलंड याचा चरित्रकार. तुम्हीही राणीला ३० मीटरवरून एकदाच जाऊ द्या, तोंड न दाखवता. बोलू दे पखालवाला, नालबंद, पैसे वाटपाचा हिशोब लिहिणारा कारकून, आणि कालपर्यंत शिंद्यांचा असलेला आणि आज पेशव्यांचा झालेला तोफखान्यातला गोलंदाज. या शेवटच्या माणसाला 'तुमचा धनी कोण?' एवढं विचारलंत तरी सीन उभा राहतो.

प्रत्येक पात्रासाठी एका पानाचा कागद करा: नाव, गाव, कुणाचं अन्न खातो, पगार किती महिने थकला होता आणि हातात किती पडला, आज सकाळी काय खाल्लं, पाणी कुठून आणलं, घरी परत जायची वाट कुठली. कागद नटाने स्वतः भरायचा, दिग्दर्शकाने नाही. 'ला कम्यून'मध्ये भाग घेणाऱ्यांनी आपापल्या भूमिकेचा अभ्यास असाच स्वतः केला होता. पाण्याचा प्रश्न वगळू नका. त्या उन्हाळ्यात इंग्रज घोडदळाची माणसं उन्हाने पडत होती, खुद्द रोजला उन्हाचे झटके आले होते. तहान दोन्हीकडे सारखी होती, आणि ती दाखवायला पैसा लागत नाही.

भाषेचं म्हणाल तर सगळ्यांना शुद्ध मराठी देऊ नका. कारकून आणि सरदार मराठी बोलतील, शिपाई बुंदेली किंवा ब्रजच्या वळणाची हिंदी. खाली अक्षरं न देता निवेदकाने वरून भाषांतर सांगावं, 'कलोडन'मधल्या गेलिकसारखं.

विष्णुभट गोडश्यांचा 'माझा प्रवास' हाताशी असेलच. पण तो झाशीच्या वेढ्याचा साक्षीदार म्हणून वापरा. ग्वाल्हेरच्या लढाईत गोडसे नव्हते, तिथला भाग ऐकीव आहे.

लष्करवाला

राणीबद्दलचा सल्ला पटला, मंडळात पटवणं अवघड जाईल ते वेगळं. दोन गोष्टी राहिल्या. आमचे रंगमंचावरचे नट कॅमेऱ्यात पाहून बोलायला लागले की शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं बोलतात. आणि दोन माइकांत मैदानावरचा आवाज कसा धरायचा?

कानसेन

एक माइक उत्तर देणाऱ्याला, दुसरा प्रश्न विचारणाऱ्याला. तोफखाना, घोडे, गर्दी यांतलं काहीही जागेवर पकडायच्या भानगडीत पडू नका, ते नंतर वेगळं ध्वनिमुद्रित करा.

अंगरख्याच्या आत माइक लावताना कपड्याला नुसता चिमटा लावला की प्रत्येक हालचालीला खरखर येते. दवाखान्यातली कागदी चिकटपट्टी घ्या, तिचे दोन छोटे त्रिकोण दुमडा, त्यांच्या मधे माइक ठेवा आणि छातीच्या मधल्या हाडावर चिकटवा. वायरीला तिथेच सैल वेटोळं ठेवा, म्हणजे ओढ माइकपर्यंत पोचत नाही. घामाने पट्टी तासाभरात सुटते. दर तासाला बदला. अंगरख्याचे बंद ठरलेल्या जागीच बांधा, नाहीतर गोंडा माइकवर आपटतो.

पातळी नेहमीच्या बोलण्याला उणे १८ ते उणे १२ डेसिबलच्या मधे. माणूस ओरडणार असेल तर तो टेक वेगळा आणि पातळी सहाने खाली. एकदा आवाज फाटला की नंतर तो शिवता येत नाही. मैदानात वाऱ्याला स्पंजची टोपी पुरत नाही, केसाळ टोपी लागते; कपड्याआड असलेल्या माइकला मात्र स्पंजही चालतो. प्रत्येक जागी कुणीही न बोलता एक मिनिट नुसता परिसराचा आवाज मुद्रित करा. संकलनात दोन उत्तरं जोडताना मागचा वारा अचानक बंद पडला की जोड उघडी पडते.

घोडे दोनच आहेत ना? एकाच घोड्याच्या टापा कठीण जमिनीवर, मऊ मातीवर आणि दगडावर मिळून पाच-सहा वेळा मुद्रित करा आणि थोड्या थोड्या अंतराने एकावर एक चढवा. पूर्ण पथक ऐकू येतं. सगळ्या पट्ट्यांचा वेग सारखा ठेवू नका, नाहीतर यंत्र चालल्यासारखं वाटतं.

पार्श्वसंगीत घालू नका. निवेदनही एखाद्या गंभीर आवाजाच्या माणसाला देऊ नका. रेल्वे स्टेशनवर घोषणा करतात तेवढ्याच भावनेने वाचणारा माणूस शोधा.

चौकट

नाटकीपणावर उपाय: कॅमेरा ८० सेंमीवर आणा, २४च्या लेन्सवर. एवढ्या जवळच्या माणसाला कुणी ओरडून सांगत नाही, आवाज आपोआप उतरतो. आणि हाताला काम द्या. घोड्याचा तंग आवळणं, पखालीचं तोंड बांधणं, पायातला काटा काढणं. काम खरंच अवघड असलं पाहिजे. गाठ सुटत नसली की माणूस शब्दांवर अभिनय करायला विसरतो.

संवाद लिहून देऊ नका. प्रश्नही त्याच दिवशी, कॅमेरा सुरू झाल्यावर. पहिले दोन प्रश्न त्याच्या कागदावरचे, म्हणजे धीर येतो. तिसरा कागदावर नसलेला. उत्तर येण्याआधीची जी दोन-तीन सेकंदांची शांतता असते, ती कापू नका. वॉटकिन्सच्या फिल्मांतलं मला सगळ्यात आवडणारं ते हेच. तिसऱ्या प्रश्नाचा दुसरा टेक कधीच घेऊ नका, पाठ केलेलं उत्तर मिळेल.

निवड करतानाही अभिनय पाहू नका. 'पनिशमेंट पार्क'मध्ये माणसांची मतं बघून त्यांना बाजू दिल्या होत्या. तुमच्या २८ जणांना विचारा, जयाजीरावांनी केलं ते योग्य की अयोग्य? ज्याला मनापासून योग्य वाटतं त्याला जयाजीरावांचा माणूस करा. अशी दोन-चार डोकी ग्वाल्हेरच्या मंडळात निघतीलच.

मोडी_दप्तर

निघतील, आणि तालमीतच भांडतील. त्या वेळी कॅमेरा सुरू ठेवा.

एक राहिलं. 'प्रसंग पुन्हा उभे केलेले आहेत, मुलाखती काल्पनिक आहेत' ही पाटी फक्त सुरुवातीला देऊन भागत नाही. वीस सेकंदांचा तुकडा कापून व्हॉट्सॲपवर फिरायला लागला की पाटी मागेच राहते आणि नालबंदाचं उत्तर 'अस्सल पुरावा' होऊन बसतं. प्रत्येक मुलाखतीत खालच्या कोपऱ्यात, नावाच्या ओळीतच, नटाचं खरं नावही द्या: वर पात्र, खाली नट. अक्षरं चौकटीच्या काठापासून जरा आत घ्या, मोबाइलवर उभी चौकट केली तरी कापली जाणार नाहीत अशी.

लष्करवाला

दोन नावं एकाखाली एक, हे करतो. मार्चच्या शेवटच्या आठवड्यात मैदान बघायला जाऊ, तेव्हा १५ मीटरवरून ८५ लावून चार ओळींची चाचणी घेतो आणि चौकट इथे टाकतो.

चौकट

चाचणीला पगड्या घालूनच उभे करा. बोडक्या डोक्यांनी केलेला हिशोब पगड्या चढल्यावर चुकतो, मागची ओळ पूर्ण झाकली जाते. तसं झालं तर मागच्या दोन ओळींखाली विटांचा एक थर द्या.